पेन्शनमधून आठ हजार कापणार म्हणतात…

“मॅडम, पेन्शन बंद तर नाही ना करणार?” काकांनी खुर्चीत टेकायच्या आधीच विचारलं. मागे काकू, हातात प्लास्टिकची पिशवी. काका वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त होऊन आठ महिने झाले होते आणि जुन्या ऑफिसचं पत्र आलं होतं. 2011 च्या पदोन्नतीत वेतननिश्चिती चुकली, 2,88,000 रुपये जादा गेले, ते निवृत्तिवेतनातून दरमहा 8,000 प्रमाणे 36 हप्त्यांत वसूल करू. शेवटची ओळ, ‘अन्यथा नियमानुसार कारवाई’. झोप उडाली होती ती या ओळीनं. पैशाचं एक वेळ चालेल, पण अब्रू?

माझ्याकडे येणारे बहुतेक निवृत्त लोक कारवाई आणि वसुली यांची गल्लत करतात. पत्र लिहिणारेही करतात, बरेचदा मुद्दाम, असं माझं मत. म्हणून आधी तेच वेगळं केलं. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 चा नियम 27 शासनाला पेन्शन रोखायचा अधिकार देतो, पण विभागीय चौकशीत किंवा न्यायालयात गंभीर गैरवर्तन वा निष्काळजीपणा सिद्ध झाला तरच. निवृत्तीनंतर नवी चौकशी काढायची तर शासनाची मंजुरी हवी आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी नको. काकांची फाइल दुसऱ्याच टेबलावर चुकली होती. त्यात त्यांचं गैरवर्तन कुठलं? (निवृत्तीच्या वेळी चौकशी चालूच असेल तर मात्र तात्पुरती पेन्शन मिळते आणि उपदान (ग्रॅच्युइटी) अडकतं. तसं इथे काही नव्हतं.)

“पण साहेब म्हणाले, सरकारचा पैसा आहे, सरकार केव्हाही घेईल.”

केव्हाही नाही. पेन्शन ही मेहेरबानी नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 1971 मध्ये देवकीनंदन प्रसाद खटल्यात सांगितलं. ती मालमत्ता आहे आणि नियमाचा आधार नसताना नुसत्या प्रशासकीय सूचनांवर रोखता येत नाही, हे 2013 च्या जितेंद्रकुमार श्रीवास्तव निकालात आलं. जादा रकमेच्या वसुलीला आपल्याकडे नियम 134-अ आहे खरा, पण त्यातही आधी कारणे दाखवण्याची संधी द्यावी लागते. काकांना थेट आदेशच आला होता. शिवाय 2014 च्या रफीक मसीह निकालानं वर्ग 3 आणि 4 च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्तांकडून, आणि पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल तर अशी वसुली करायला मनाई केली आहे. वरिष्ठ लिपिक म्हणजे वर्ग 3, त्यामुळे काका तिन्हींत बसत होते.

काकांचा चेहरा खुलला. मग मी विचारलं, “हमीपत्र दिलं होतंत?”

काका गप्प. काकूंनी पिशवीतून कागद काढला. सहाव्या वेतन आयोगाच्या वेळी, 2009 मध्ये, जादा रक्कम मिळाल्यास परत करीन असं लिहून सही केलेली. “सगळ्यांनीच केली हो. वाचतंय कोण?”

इथे घाई केली की केस हातची जाते. 2016 च्या जगदेव सिंग निकालात अशाच हमीपत्रामुळे वसुली कायम राहिली. पण जगदेव सिंग न्यायिक अधिकारी होते, वर्ग 3 चे नव्हे, आणि अपवाद ‘निवृत्त’ या मुद्द्यापुरता होता. वर्ग 3 चा मुद्दा शिल्लक राहतो. आणि काकांची हमी 2009 च्या वेतननिश्चितीची, चूक 2011 च्या पदोन्नतीतली. उत्तरात हे दोन्ही लिहिलं, सोबत एवढंच विचारलं की वसुली कुठल्या नियमाखाली आणि नोटीस कधी दिली. हमीपत्र लपवू नका, असंही बजावलं. त्याची प्रत ऑफिसकडे असतेच.

काकांना एक गोष्ट आवडली नाही. वसुली थांबली तरी चुकलेलं वेतन दुरुस्त करायला बंदी नाही, म्हणजे पुढची पेन्शन थोडी कमी होऊ शकते. ते आधीच सांगितलेलं बरं. उत्तरावर आवक शिक्का घ्या, आणि दाद लागली नाही तर आदेशापासून वर्षाच्या आत मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं लागेल, हेही सांगितलं.

तीन महिन्यांनी फोन आला. वसुली स्थगित, पेन्शन साधारण नऊशेनं कमी. मग काकूंनी फोन घेतला. “ती पिशवी आता माळ्यावर टाकू का?”

म्हटलं, स्थगित आहे, रद्द नाही. इतक्यात नको.