तिने ते तुला दाखवलं होतं, मला नाही

‘मॅडम, स्टोरीचा स्क्रीनशॉट घेतला तर समोरच्याला कळतं का?’ मी समुपदेशक आहे आणि कॉलेजातली मुलं-मुली हा प्रश्न मला इतक्या वेळा विचारतात की त्यावर एकदा नीट लिहायला हवं होतं.

तांत्रिक उत्तर सोपं आहे. स्नॅपचॅट कळवतं. इन्स्टाग्राम स्टोरीच्या बाबतीत कळवत नाही. मेसेजमधून एकदाच बघायला पाठवलेल्या फोटोच्या बाबतीत मात्र कळवतं किंवा स्क्रीनशॉटच घेऊ देत नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर स्टेटस कुणी पाहिलं ते दिसतं, कुणी टिपून ठेवलं ते दिसत नाही. पण हे उत्तर मिळाल्यावर कुणी उठून जात नाही. बसून राहतात, बोटातली अंगठी फिरवत राहतात. कारण विचारायचं असतं ते वेगळंच. मी केलं ते चूक होतं का? किंवा, तिने माझं जपून ठेवलं तर मला एवढं का लागलं?

जिची गोष्ट सांगते आहे तिला मुक्ता म्हणू या. तिची परवानगी घेतली आहे आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

मुक्ता कॉलेजच्या नाटकाच्या ग्रुपमधली. पुण्यात पावसाळा म्हणजे पुरुषोत्तम करंडकाच्या तालमी. रात्री उशिरापर्यंत जागणं, टपरीवरचा चहा, भरत नाट्य मंदिरातला तो ‘अरे आवाज कुणाचा’चा गजर. ग्रुपमधले सगळे रोज स्टोऱ्या टाकायचे आणि मुक्ता त्या रोज सेव्ह करायची. कधी स्क्रीनशॉट, कधी स्क्रीन रेकॉर्डिंग. प्रत्येकाच्या नावाचं वेगळं फोल्डर. चोवीस तासांत हे सगळं जाणार, या विचारानेच तिला अस्वस्थ व्हायचं.

तिची सगळ्यात जवळची मैत्रीण एम.ए. करता करता एमपीएससीचा अभ्यास करत होती. नाटक सोडलंय, सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकेत बसते, असं तिने घरी सांगितलेलं. एका रात्री तालमीच्या हॉलमधून तिने एक स्टोरी टाकली. क्लोज फ्रेंड्सपुरती, म्हणजे तिने निवडलेल्या यादीतल्यांनाच दिसणारी, हिरव्या वर्तुळाची. फरशीवर आडवी पडून हसते आहे आणि वर लिहिलंय, ‘बाबांच्या मते मी आत्ता अभ्यासिकेत’. मुक्ताने ती ठेवली, इतर ठेवायची तशीच.

काही महिन्यांनी त्या मैत्रिणीचा वाढदिवस आला. मुक्ताने रात्र-रात्र जागून साठवलेल्या स्टोऱ्यांचा व्हिडिओ केला, वर छान गाणं लावलं. कोथरूडच्या त्यांच्या घरी केक कापून झाल्यावर तो टीव्हीवर लावला. समोर आजी, आत्या, बाबा. ती फरशीवरची स्टोरी तीन-चार सेकंदच होती. पण अक्षरं मोठी होती आणि बाबांना चष्म्याशिवायही वाचता आली.

त्या दिवसापासून मैत्रीण मुक्ताशी बोलली नाही. माझ्याकडे आली तेव्हा मुक्ता दुःखी होती, पण त्याहून जास्त चिडलेली होती.

‘मी इतक्या प्रेमाने केलं होतं. अक्षरं माझ्या लक्षातच आली नाहीत, इतक्यांदा पाहिलं होतं ते. आणि तिनेच टाकलं होतं ना, मॅडम? मी काय चोरी केली?’

‘चोरी नाही केलीस.’

‘सगळ्यांनी पाहिलं होतं ते.’

‘बाबांनी पाहिलं होतं?’

‘ते कुठे त्या लिस्टमध्ये...’ ती थांबली, आणि पुन्हा दुसऱ्या बाजूने सुरू झाली. ग्रुपमधले सगळेच असं करतात, ज्याला इतकं लपवायचंय त्याने टाकूच नये, इंटरनेटवर टाकलं की ते सगळ्यांचंच. हे तिन्ही युक्तिवाद मी अनेकांच्या तोंडून ऐकले आहेत. त्यांत तथ्य अजिबात नाही असं नाही. म्हणून मी त्यांच्याशी भांडत नाही. वादात हरलेलं माणूस बदलत नाही, नवा मुद्दा शोधतं.

पुढच्या काही भेटी अशाच गेल्या. मग एका दुपारी ती म्हणाली, ‘थांबा, तुम्हाला दाखवतेच. बघा यात काय एवढं आहे.’ फोन उघडला, मैत्रिणीच्या नावाचं फोल्डर काढलं आणि स्क्रीन माझ्याकडे वळवली.

मी हात आडवा केला. ‘नको. मी नाही बघणार.’

‘का? काही वाईट नाहीये हो त्यात.’

‘नसेलही. पण तिने ते तुला दाखवलं होतं, मला नाही.’

मुक्ताचा हात तसाच हवेत राहिला. मग तिने फोन हळूच मांडीवर उलटा ठेवला. बराच वेळ कुणीच बोललं नाही, आणि अशा वेळी बोलायचं नसतं हे मला अनुभवाने ठाऊक आहे. खाली रस्त्यावर रिक्षावाल्याची कुणाशी तरी सुट्ट्या पैशांवरून हुज्जत चालली होती, ती पूर्ण ऐकू आली.

‘मॅडम,’ ती शेवटी म्हणाली, ‘मग तिने मला तरी कुठे दाखवलं होतं? म्हणजे... कायमसाठी? त्या रात्रीपुरतंच दाखवलं होतं.’

हे वाक्य मी तिला दिलं असतं तर तिने ते ऐकून घेतलं असतं आणि घरी जाऊन विसरली असती. तिचं तिने शोधलं म्हणून ते टिकलं. समुपदेशनात मला सगळ्यात जास्त समाधान देणारी जागा हीच. त्या दिवशी मी केलं ते एवढंच, की पाहायला नकार दिला.

हेलन निसेनबॉम या अभ्यासक बाईंनी २००४ मध्ये खासगीपणाचा विचार याच अंगाने मांडला. गोष्ट गुप्त आहे की उघड, एवढाच प्रश्न नसतो. ती कुठल्या नात्यात, कुठल्या वेळी, कुठल्या अपेक्षेने सांगितली, आणि आता ती त्याच वाटेने चालली आहे का, हे बघायचं असतं. तालमीच्या हॉलमधला विनोद वडिलांच्या दिवाणखान्यात पोचला तेव्हा त्यातलं एकही अक्षर बदललं नव्हतं. तरीही तो विनोद उरला नव्हता.

पण मला थांबायचं नव्हतं. मुक्ताला चूक कळली होती, तिची अस्वस्थता जिथल्या तिथेच होती. पुढच्या वेळी मी विचारलं, ‘या सगळ्या फोल्डरांमध्ये तू कुठे आहेस?’

ती हसली. ‘मी लाइट्स करते मॅडम. मी कशी दिसणार?’

आणि मग रडली. ग्रुपमधला एक जण जर्मनीला निघाला होता, दोघी बेंगळुरूला. तिला वाटत होतं की हे सगळे पांगले की आपण त्यांच्यात होतो याला काही पुरावाच राहणार नाही. कुणाच्या स्टोरीत ती नव्हती, म्हणून प्रत्येकाची स्टोरी तिच्याकडे असायलाच हवी होती.

हा ‘असायलाच हवी’ मी कान देऊन ऐकते. अल्बर्ट एलिस यांनी १९५५ च्या सुमारास मांडलेल्या विवेकनिष्ठ उपचारपद्धतीवर माझा विश्वास आहे, आणि इतक्या वर्षांच्या कामानंतर तो वाढलाच आहे. माणसाला एखादी गोष्ट आवडते, हवीशी वाटते, तोवर तो विचारू शकतो, नकार ऐकू शकतो. ‘हवीच’ झाली की विचारणं थांबतं. मुक्ताने मैत्रिणीला कधीच विचारलं नव्हतं, कारण ‘नको’ ऐकणं तिला परवडणारं नव्हतं. तिच्याशी उरलेलं सगळं काम याच एका गाठीवर झालं. आठवणी राहिल्या तर छान, नाही राहिल्या तर वाईट वाटेल, खूप वाईट वाटेल, पण मी त्या ग्रुपमध्ये होते हे त्यामुळे पुसलं जात नाही. हे तिला पटायला वेळ लागला.

मग तिने मैत्रिणीला मेसेज केला. पहिल्या मसुद्यात ‘सॉरी, पण माझा हेतू’ असं होतं. ‘पण’पासून पुढचं सगळं तिनेच खोडलं. शेवटचा मेसेज असा: ‘तुझी स्टोरी तुला न विचारता ठेवली आणि न विचारता दाखवली. त्याने तुला घरी जे भोगावं लागलं ते माझ्यामुळे. माझ्याकडे तुझ्या आणखी स्टोऱ्या आहेत. तू सांगशील तसं करते.’

चार दिवस उत्तर नाही. मग आलं: ‘सगळ्या पूस. फक्त पावसातली, आपण टेकडीवर गेलो होतो ती मला पाठव. माझ्याकडे नाहीये.’ मैत्री पहिल्यासारखी झाली नाही, निदान मुक्ता यायची तोवर तरी नाही. पण बोलणं सुरू झालं.

आता जे मी सगळ्यांनाच सांगते ते. ज्या फोटोत तुम्हीही आहात, सिंहगडावरचा भज्यांचा, ट्रिपचा, तो ठेवायला कुणी हरकत घेत नाही. थांबायचं ते कुणी रडलं आहे, चिडलं आहे, कुणाबद्दल बोललं आहे, घरच्यांपासून काही लपवलं आहे, तिथे. हिरवं वर्तुळ दिसलं तर नक्कीच. त्या माणसाने यादीतली नावं एकेक करून निवडलेली असतात. ठेवावंसं वाटलं तर सरळ विचारा, ‘हे मी ठेवू का?’ बहुतेक जण ‘ठेव की’ म्हणतात, उलट सुखावतात. इन्स्टाग्रामवर टाकणाऱ्याच्या स्वतःच्या अर्काइव्हमध्ये त्याच्या स्टोऱ्या सहसा राहतातच, त्यामुळे ‘मला पाठवशील?’ असंही विचारता येतं. आणि स्वतःपुरतं ठेवलेलं पुढे पाठवायचं असेल तर पुन्हा विचारायचं. पहिल्या ‘हो’मध्ये दुसरा येत नाही.

आणखी एक, जे मुलांच्या ध्यानात येत नाही. फोनमधले स्क्रीनशॉट आपोआप बॅकअपला जात असतील आणि घरात सगळ्यांचं एकच अकाउंट असेल, तर तुमच्या मैत्रिणीचं गुपित आईच्या टॅबवर केव्हाच पोचलेलं असतं.

पालकांनाही सांगते. भाचीच्या स्टेटसचा फोटो काढून ‘बघ, तुझी लेक काय करते’ म्हणून घरच्या ग्रुपवर टाकणाऱ्या मावश्या-काकवांमुळे माझ्याकडे आलेल्या मुली कमी नाहीत. काळजी असेल तर त्या मुलीलाच फोन करावा.

कायद्याचंही विचारतात. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या खंडपीठाने ऑगस्ट २०१७ मध्ये खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला. पण २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यातून व्यक्तीने घरगुती, वैयक्तिक कारणासाठी ठेवलेली माहिती वगळली आहे. म्हणजे मैत्रिणीच्या फोल्डरसाठी सहसा कुणी तुम्हाला कोर्टात ओढणार नाही. कुणाच्या खासगी अवयवांचं चित्र त्याच्या संमतीशिवाय काढणं, पसरवणं हा मात्र माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६६ई कलमाखाली गुन्हा आहे, तिथे मैत्री-बित्री काही चालत नाही.

हे सगळे नियम बाजूला ठेवायची वेळही येते. कुणी तुम्हाला धमकी दिली, छळलं, तर ते गायब व्हायच्या आत जरूर टिपून ठेवा. तो पुरावा आहे. आणि कुणाच्या स्टोरीत जीव द्यायची भाषा असेल तर स्क्रीनशॉट घ्या, त्या माणसाला लगेच फोन करा, घरातल्या किंवा हॉस्टेलवरच्या एका जबाबदार माणसाला ते दाखवा. काय करावं सुचत नसेल तर १४४१६ हा टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनचा क्रमांक रात्रंदिवस चालू असतो. परवानगी विचारत बसू नका. मैत्रीण नंतर रागावली तर रागावू द्या, तिची समजूत घालायला आपल्याकडे वेळ असेल.