त्याच्याशी भांड, पण त्याच्यासमोर

सोलापूर

चिरंजीव,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या यंत्रमागाच्या कवितांना तुझा मित्र 'घोषणा' म्हणाला, तू त्याच्या कवितांना 'पळपुट्या' म्हणालास. आता हिराचंद नेमचंद वाचनालयातल्या काव्यवाचनाला तो असेल तर तू येणार नाहीस. तू यावंस, आणि त्याच्या शेजारी बसावंस, असं मला वाटतं.

हा वाद जुनाच. फडके 'कलेसाठी कला' म्हणाले, खांडेकर 'जीवनासाठी कला', आणि त्या निमित्ताने साधा वाचकही कादंबरीकडून काय मागायचं यावर बोलू लागला. मला मात्र टिळक-आगरकर अधिक जवळचे वाटतात. १८८२ मध्ये कोल्हापूर प्रकरणात, म्हणजे तिथल्या दिवाणांच्या बदनामीच्या खटल्यात, दोघं डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस एकत्र होते. वाद तिथंही चालायचे. पुढे सामाजिक सुधारणा आधी की राजकीय, यावरून फाटलं. १८८७ मध्ये आगरकरांनी 'केसरी' सोडला, १८८८ मध्ये 'सुधारक' काढला, आणि दोन्ही पत्रांतून एकमेकांवर कोरडे ओढले गेले. १८९५ मध्ये, चाळिशीही न गाठता, आगरकर गेले. 'केसरी'तला मृत्युलेख टिळकांनीच लिहिला. त्या मित्राविषयी मनात जे होतं ते कागदावर आलं, तेव्हा वाचायला आगरकर नव्हते. याचं मला आजही फार वाईट वाटतं.

आपल्या सोलापूरच्या पूर्व भागातल्या विणकराचं जगणं कवितेत यायलाच हवं, याबाबत मी पूर्ण तुझ्या बाजूचा आहे. पण तुझ्या तिसऱ्या कवितेत मागाच्या खडखडाटाने बधिर झालेला तो माणूस शेवटच्या कडव्यात नाहीसा होतो आणि भाषण तेवढं उरतं. तुझ्या विचारांची माणसं तिथं टाळ्या वाजवतात. चूक दाखवली ती तुझ्या त्या मित्राने एकट्याने. असा वाचक सहज मिळत नाही रे.

कुणी जातीवर गेला, कुणाच्या घरावर, भाकरीवर गेला, तर मैत्री खुशाल तोड. तो तसं कधी बोललेला नाही.

त्याचा संग्रह आधी पुरता वाच. आवडेल ती कविता कार्यक्रमात त्याचं नाव घेऊन म्हण. आक्षेप तिसऱ्याच्या तोंडून पाठवू नकोस. ओळीवर बोट ठेवून, त्याच्यासमोर मांड, मग आवाज चढला तरी चालेल. आणि त्या कडव्याचा नवा खर्डा माझ्याकडे धाडायच्या आधी त्याला दाखव.