लिव्हरचं दुखणं, मग दुर्बीण घशातून कशाला?

तुम्ही विचारलंय की वडिलांना सिरॉसिस (लिव्हर निबर होण्याचा आजार) आहे, सोनोग्राफी आणि रक्ताच्या तपासण्या झाल्यात, मग आता एंडोस्कोपी, म्हणजे घशातून दुर्बिणीची नळी घालून तपासणी, कशाला आणि तिचा त्रास होतो का. मी डॉक्टर नाही, सांगलीत राहतो. पण नेमका हाच प्रश्न माझ्या मामांनी विचारला होता.

मामा तासगावकडचे, द्राक्षबागायतदार. माळकरी माणूस, दारूचा थेंब नाही. जुनी शुगर, त्यातून फॅटी लिव्हर आणि पुढं सिरॉसिस. (गावात "गुपचूप पीत असणार" ही कुजबुज झालीच.) "जित्या माणसाच्या नरड्यात नळी कशाला घालताय?" म्हणत त्यांनी तपासणी चार महिने ढकलली. आम्हीही जोर केला नाही.

मग फेब्रुवारीत, बागेत माल उतरवणं चालू असताना, दोन दिवस त्यांना डांबरासारखी काळी, चिकट शौचाला झाली. लोहाच्या गोळ्या चालू होत्या, त्यांचाच रंग असेल म्हणून सोडून दिलं. तिसऱ्या रात्री रक्ताची उलटी. मिरजेला पोचेपर्यंत दोन वाजले. आधी सलाइन, रक्त, शिरांमधला दाब उतरवणारं इंजेक्शन, आणि पहाटे तीच नळी.

तिथल्या डॉक्टरांनी मामांना ठिबक सिंचनाच्या भाषेत समजावलं. पोट, आतडी आणि प्लीहेकडून येणारं रक्त पोर्टल व्हेन या मोठ्या शिरेतून लिव्हरमध्ये जातं. फिल्टर चोंदला की अलीकडचा गेज चढतो आणि कुठला तरी कच्चा जॉइंट उडतो, तसंच हे. सिरॉसिसमध्ये लिव्हर निबर होतं, रक्त आत शिरेना होतं आणि आडवाटेनं, अन्ननलिकेच्या खालच्या टोकाच्या बारीक शिरांमधून वर जायला लागतं. त्या शिरा फुगतात. दुखत नाहीत, फुटेपर्यंत कळतही नाहीत. म्हणजे दुर्बिणीतून लिव्हर बघायचं नसतंच, या शिरा बघायच्या असतात. "मग आधी असं सरळ सांगायचं की," मामा म्हणाले.

दुसऱ्या खेपेला मी आत उभा होतो. घशात झायलोकेनचा, म्हणजे बधिर करणाऱ्या औषधाचा फवारा, डाव्या कुशीवर झोपवलेलं, दातांत प्लॅस्टिकची कडी. नळी साधारण करंगळीएवढी जाड. पडद्यावर गुलाबी भिंत आणि तिच्यावर निळसर, टरारलेल्या तीन शिरा, एकीवर लाल ठिपके. ठिपके दिसले की ती फुटायचा धोका जास्त, असं डॉक्टर बोलता बोलता म्हणाले. नळीच्या टोकाला पारदर्शक टोपण होतं. त्यात शीर ओढून घेतली, बाहेर चक्री फिरवली, आणि शिरेच्या मुळाशी रबरी बँड बसला. शिरेचा तेवढा भाग काळ्या द्राक्षाच्या मण्यासारखा गोल होऊन राहिला. असे चार बँड, दहा-बारा मिनिटांत. तपासणी आणि उपचार एकाच बैठकीत.

त्रासाचं म्हणाल तर ओकारी येते, लाळ गळते, डोळ्यांत पाणी येतं. नुसत्या बघण्यात दुखत नाही, आणि हवं तर झोपेचं इंजेक्शन देतात. बँड घातल्यावर मात्र एक-दोन दिवस छातीत दुखतं, गिळताना अडकल्यासारखं होतं. मामांना आधी थंड दूध, मग पातळ पेज, आठवडाभर भाकरी बंद. बँड आपोआप गळून शौचावाटे जातात. शिरा बुजेपर्यंत दोन-चार आठवड्यांनी पुन्हा बोलावतात, मामांच्या तीन खेपा झाल्या.

सगळ्याच सिरॉसिसवाल्यांना ही तपासणी लगेच लागते असंही नाही. रक्तातल्या प्लेटलेट दीड लाखाच्या वर आणि फायब्रोस्कॅनचा (लिव्हर किती निबर झालंय ते मोजणाऱ्या तपासणीचा) आकडा वीसच्या आत असेल तर थांबता येतं का, हे डॉक्टरांना जरूर विचारा. शिरा दिसल्या तरी दर वेळी बँडच घालतात असं नाही, काहींना दाब कमी करणाऱ्या कार्वेडिलॉलसारख्या गोळीवर ठेवतात.

जायच्या आधी सहा ते आठ तास उपाशी, कवळी काढलेली. रक्त पातळ करणारी किंवा शुगरची औषधं चालू असतील तर आदल्या दिवशीच सांगा. झोपेचं इंजेक्शन घेणार असतील तर गाडी तुम्ही चालवा. आणि तारीख येईपर्यंत रोज सकाळी वडिलांना शौचाचा रंग विचारत जा. लाजतील, तरी विचारा. काळी, चिकट दिसली तर तारखेची वाट न बघता त्याच दिवशी, रात्र असली तर रात्री, दवाखाना गाठा.