वाचकांचे प्रश्न : मस्कोकाची तळी आणि तळ्याकाठची कॉटेजेस

प्रश्न : गेल्या उन्हाळ्यात आम्ही उभयता मुलाकडे कॅनडात, टोरांटोजवळच्या मिसिसॉगाला राहिलो होतो. त्याने आठवडाभरासाठी मस्कोका भागात तळ्याकाठचे एक कॉटेज भाड्याने घेतले होते. कॉटेज म्हणजे लहानसे झोपडीवजा घर अशी आमची समजूत होती. प्रत्यक्षात दुमजली घरे, बोटींसाठी वेगळी घरे आणि प्रत्येकाचा स्वतंत्र धक्का पाहायला मिळाला. शेत मात्र कोठेही दिसले नाही. एवढे पाणी असून शेती का नाही, आणि ही वस्ती मुळात कशी झाली? (एक वाचक, पुणे)

उत्तर : आपण विचारलेले दोन प्रश्न एकमेकांना जोडलेले आहेत, कारण मस्कोकात शेती फसली आणि त्या फसलेल्या शेतीच्या जागी कॉटेजेस आली. टोरांटोच्या उत्तरेस सुमारे १७० किलोमीटरवर ग्रेव्हनहर्स्ट हे गाव लागते आणि तेथून मस्कोका, रोसो व जोसेफ ही तीन मोठी तळी सुरू होतात. हा सारा भाग कॅनेडियन शील्ड नावाच्या अतिप्राचीन खडकावर वसलेला आहे. हिमयुगातील बर्फाच्या प्रचंड थरांनी त्या खडकावरची माती खरवडून नेली, खोलगट जागी पाणी साठले आणि मागे राहिली ती तळी, उघडे कातळ आणि मातीचा पातळ थर. पाइनची झाडे अशा जमिनीत तग धरतात. गव्हाला ती पुरत नाही.

ओंटारियो हा कॅनडाचा प्रांत; त्याच्या सरकारला येथे वस्ती वाढवायची होती. १८६८ च्या कायद्याने अठरा वर्षांवरील व्यक्तीला शंभर एकर जमीन फुकट देऊ केली. अट अशी की, पाच वर्षांत पंधरा एकर जमीन जंगल तोडून लागवडीखाली आणायची आणि किमान सोळा फूट बाय वीस फुटांचे घर बांधून तेथे राहायचे. या बोलीवर इंग्लंड-स्कॉटलंडहून आलेल्या कुटुंबांनी झाडे तोडली, बुंधे उपटले आणि खाली कुदळ टेकवली तेव्हा खडक लागला. या लोकांच्या कष्टांचा विचार केल्याशिवाय आजच्या त्या देखण्या धक्क्यांकडे पाहू नये, असे मला मनापासून वाटते. अनेक कुटुंबे जमीन सोडून गेली. जी टिकली त्यांतील पुरुष हिवाळ्यात लाकूडतोडीच्या छावण्यांवर मजुरी करत आणि उन्हाळ्यात घरी शेत पाहत.

पण याच काळात शहरातील लोक या पाण्याकडे वेगळ्या नजरेने पाहू लागले होते. १८६० मध्ये टोरांटोचे जेम्स बेन आणि जॉन कॅम्बेल हे दोन तरुण होडी वल्हवत मस्कोका तळ्यात हिंडून आले. तेथील पहिले पर्यटक म्हणून त्यांचीच नावे सांगितली जातात. पुढे हे बेन टोरांटोच्या सार्वजनिक ग्रंथालयाचे पहिले मुख्य ग्रंथपाल झाले. १८६६ मध्ये अलेक्झांडर कॉकबर्न या व्यापाऱ्याने ‘वेनोना’ ही पहिली आगबोट मस्कोका तळ्यात सोडली. लाकूड, माणसे, टपाल आणि शेतकऱ्यांचे सामान वाहून नेणे हा तिचा मूळ उद्देश होता. तिन्ही तळ्यांत मात्र सलग जलमार्ग नव्हता. १८७१ मध्ये पोर्ट कार्लिंग येथे बोटींना एका पातळीवरून दुसऱ्या पातळीवर चढवणारे लॉक बांधून झाले, पोर्ट सँडफील्ड येथे रोसो आणि जोसेफ या तळ्यांमधली चिंचोळी जमीन कापण्यात आली, आणि तिन्ही तळी आगबोटीच्या एकाच फेऱ्यात आली. १८७५ मध्ये रेल्वे ग्रेव्हनहर्स्टला पोहोचली. त्यानंतर टोरांटोचेच नव्हे, तर अमेरिकेतील पिट्सबर्गसारख्या धुराने काळवंडलेल्या शहरांतील श्रीमंत लोकही आगगाडीतून उतरून सामानासह थेट आगबोटीत बसू लागले.

शेतकऱ्यांनी ही संधी ओळखली. विंडरमिअर गावचे थॉमस एटकिन आणि मिनेट गावचे चार्ल्स मिनेट हे दोघेही जमीन कसायला आलेले. पाहुण्यांना घरात उतरवून घेता घेता त्यांची घरे हॉटेले झाली. दूध, भाजी, मांस यांना दारातच गिऱ्हाईक मिळाले. हिवाळ्यात गोठलेल्या तळ्यातून बर्फाच्या लाद्या कापून त्या भुशात पुरून ठेवायच्या आणि उन्हाळ्यात पाहुण्यांना विकायच्या, हाही एक जोडधंदा झाला. ज्या कातळामुळे धान्य पिकत नव्हते, तोच कातळ आता काठाच्या जमिनीची किंमत वाढवू लागला.

राहता राहिला ‘कॉटेज’ हा शब्द. सुरुवातीचे लोक बेटांवर तंबू ठोकत, मग लाकडी फळ्यांची साधी घरे बांधत आणि त्यांना कॉटेज म्हणत. पुढे घरे वाढली, नोकरांच्या खोल्या आल्या, बोटीच्या घरावर आणखी एक मजला चढला, तरी शब्द तोच राहिला. ओंटारियोत कॉटेज म्हणजे घराचा आकार नव्हे, तर उन्हाळ्यात राहण्याचे दुसरे घर.

प्रश्न : ग्रेव्हनहर्स्ट येथे ‘सेगवुन’ नावाच्या आगबोटीतून आम्ही फेरी मारली. पूर्वी अशा अनेक बोटी होत्या आणि तळ्यांवर मोठमोठी हॉटेले होती, असे ऐकले. ती कशी गेली? (एक वाचिका, ब्रॅम्प्टन)

उत्तर : थोडक्यात सांगायचे तर ती आगीने आणि मोटारगाडीने गेली. ही हॉटेले लाकडाची होती आणि आग विझवणारे बंब दूर. १८७० मध्ये रोसो तळ्याच्या उत्तर टोकाला बांधलेले रोसो हाउस, म्हणजे निबिड अरण्यात उच्चभ्रू पाहुण्यांसाठी काढलेले तेथील पहिले हॉटेल, १८८३ मध्ये जळाले. १९०१ मध्ये उघडलेले भव्य रॉयल मस्कोका १९५२ मध्ये जळाले. आपण विंडरमिअर हाउस पाहिले असेल, तर तीही नवी इमारत आहे. जुनी १९९६ मध्ये चित्रीकरण चालू असताना जळाली आणि त्याच रूपात पुन्हा बांधण्यात आली.

पण आगीनंतर हॉटेले पुन्हा उभी करता आली असती, आणि काही केलीही गेली. धंद्याचा पाया हलला तो रस्त्यांमुळे. आगगाडी आणि आगबोटीने येणारे कुटुंब मोठमोठ्या पेट्या घेऊन महिना-दोन महिने राहत असे. मोटारीने येणारे शुक्रवारी संध्याकाळी येऊन रविवारी परतू लागले, आणि ज्याच्याकडे गाडी होती त्याला हॉटेलपेक्षा स्वतःचे लहानसे कॉटेज परवडू लागले. दुसऱ्या महायुद्धानंतर मध्यमवर्गीय कुटुंबे अशी मोठ्या संख्येने आली. आपली ‘सेगवुन’ या साऱ्याची साक्षीदार आहे. १८८७ मध्ये ती ‘निपिसिंग’ नावाने तळ्यात उतरली, १९२५ मध्ये नव्याने बांधून तिला ‘सेगवुन’ हे नाव मिळाले. येथील ओजिब्वे या आदिवासी लोकांच्या भाषेत त्याचा अर्थ वसंत ऋतू. १९५८ मध्ये तिच्या फेऱ्या थांबल्या, आणि हौशी नागरिकांनी पैसे व श्रम घालून १९८१ मध्ये तिला पुन्हा प्रवाशांसाठी सुरू केले. एखाद्या परिसराने आपला इतिहास धावता ठेवावा तो असा.

प्रश्न : मस्कोका या नावाचा अर्थ काय? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : मस्क्वाकी नावाच्या अनिशिनाबे (ओजिब्वे ज्यांत येतात तो आदिवासी समूह) प्रमुखावरून हे नाव पडले, असे मानले जाते. शेतकरी आणि पाहुणे येण्याआधी हा त्यांच्या लोकांच्या शिकारीचा व मासेमारीचा मुलूख होता. आज जेथे पोर्ट कार्लिंगचे लॉक आहे, तेथे ओबाजेवनंग हे ओजिब्वे लोकांचे गाव होते. जमिनीची मोजणी आणि वाटप सुरू झाल्यावर तेथील रहिवाशांना पॅरी बेटावर जावे लागले. नंतर उन्हाळ्यात हेच लोक पोर्ट कार्लिंगला येऊन पर्यटकांना टोपल्या आणि हस्तकलेच्या वस्तू विकत. वाचकांनी तारखांचा क्रम ध्यानात घ्यावा: फुकट जमिनीचा कायदा १८६८ चा, आणि मस्कोकाचा मुलूख ज्यात येतो ते, सरकारने आदिवासींशी जमिनीबाबत केलेले विल्यम्स करार १९२३ चे. म्हणजे जमीन आधी वाटली गेली आणि तिच्याविषयीचा करार पंचावन्न वर्षांनी झाला. त्या करारांत झालेल्या अन्यायाबद्दल कॅनडा आणि ओंटारियो सरकारांनी २०१८ मध्ये सात आदिवासी समुदायांशी १.११ अब्ज कॅनेडियन डॉलरची तडजोड करून जाहीर माफी मागितली.