‘म्हातारी’ म्हणा की खुशाल

प्रश्न असा: चित्रपट-मालिकांतल्या उतारवयाच्या नटीला ‘वयस्क अभिनेत्री’ म्हणावं की ‘ज्येष्ठ’? आणि ‘म्हातारी’ म्हटलं तर अपमान होतो का?

‘वयस्क’चा निकाल आधी लावतो. हिंदीत वयस्क म्हणजे सज्ञान. अठरा पूर्ण झाली की माणूस वयस्क. आपला शब्द ‘वयस्कर’. परवा एका मालिकेच्या जाहिरातीत ‘वयस्क सासूबाई’ ऐकलं आणि टीव्ही बंद केला. सासूबाई सज्ञान आहेत हे जाहीर कशाला करायला हवं? ‘ज्येष्ठ’ चालेल, तो मुळातच तमभाव, म्हणजे ‘सर्वांत मोठा’, म्हणून ‘सर्वांत ज्येष्ठ’ तेवढं टाळा.

खरी गंमत ‘म्हातारी’त आहे. हा शब्द आला ‘महत्तर’वरून, म्हणजे ‘अधिक मोठा’. पाचव्या शतकापासूनच्या, बंगालातल्या दामोदरपूर ताम्रपटांत जमिनीच्या व्यवहारात जी गावची वजनदार मंडळी दिसतात, ती महत्तर. म्हात्रे आडनाव त्याच घरातलं. स्त्रीलिंगी ‘महत्तरा’ तर जैन साध्वींची पदवी! जैन आचार्य हरिभद्रसूरींएवढे पंडित स्वतःला ‘याकिनी महत्तरेचा पुत्र’ म्हणवत. आणि ती त्यांची जन्मदाती नव्हे बरं का, धर्ममाता.

फारसी ‘मेहतर’पासून म्हातारा झाला असं छातीठोक सांगणारे भेटतात. मेहतरचा अर्थही ‘अधिक मोठा’च, कबूल. पण ते चुलत भाऊ, बाप नव्हे! फारसी आपल्याकडे पोचण्याआधी कित्येक शतकं ताम्रपट कोरून झाले होते. तारखा तरी बघाव्यात माणसानं.

पडद्यावर मात्र महत्तरेची पार रया गेली. ‘अग्निपथ’मध्ये (१९९०) रोहिणी हट्टंगडी अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या, वयानं ‘मुला’पेक्षा आठेक वर्षांनी लहान. म्हातारी हवी तर तरुण बाई आणा आणि केस पिकवा, असा खाक्या. त्याच रोहिणीताई २०२३ साली, बाहत्तरीत, ‘बाईपण भारी देवा’त सहा बहिणींतली एक होऊन आल्या, आणि गोष्ट त्या बहिणींचीच होती. तशी भोपळ्यात बसून वाघाला चकवणारी म्हातारी पूर्वापार नायिकाच आहे. पटकथाकारांना तिची आठवण उशिरा झाली, एवढंच.

हां, अपमानाचं राहिलंच. तो करायचाच असेल तर ‘थेरडी’ आहे. पण जरा जपून: तीही संस्कृत ‘स्थविर’ (वृद्ध, आदरणीय), पाली ‘थेर’ याच वाटेनं आलेली. थेरीगाथेतल्या थेरी, म्हणजे ज्येष्ठ बौद्ध भिक्खुणी, तिच्या सख्ख्या नात्यातल्या.