‘खार’ : एक उच्चार, वेगवेगळी कुळे

आपल्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. आजोबांच्या नावच्या, पेण तालुक्यातील जमिनीच्या जुन्या खरेदीखतात ‘खार’ आणि ‘खारबांधाच्या आत’ असे शब्द आले आहेत, त्यांचा अर्थ काय, हा पहिला. आणि या ‘खार’चा मुंबईतील खार स्थानकाशी, ‘खार खाणे’ या वाक्प्रचाराशी, लोणच्याच्या खाराशी आणि झाडावरच्या खारीशी काही संबंध आहे काय, हा दुसरा. आधी दुसऱ्याचे उत्तर देतो, कारण ते कळले की पहिले सोपे होते. आपण ज्याला एक शब्द समजता आहात, ते निदान तीन वेगळे शब्द आहेत. त्यांची कुळे वेगळी आहेत, लिंगे सारखी नाहीत, आणि ते मराठीत आले तेही निरनिराळ्या वाटांनी. बोलण्यात त्यांचा उच्चार एकच होऊन बसला आहे, एवढेच.

झाडावरची खार पहिल्यांदा बाजूला काढू. ती स्त्रीलिंगी आहे, तिचे अनेकवचन ‘खारी’, आणि विभक्ती लावताना ‘खारीचा’, ‘खारीला’ अशी रूपे होतात. काही बोलींत तिलाच ‘खारोटी’ किंवा ‘खारुटी’ म्हणतात. ‘खारीचा वाटा’ या प्रयोगातली खार हीच, सेतुबंधाच्या वेळी वाळूचे कण वाहून नेणारी. मिठाशी वा जमिनीशी तिचा काही संबंध नाही. ‘खारीचा वाटा’ म्हणजे चिमूटभर मीठ, असा खुलासा मी काही ठिकाणी वाचला आहे. ‘खारीचा’ हे रूपच तो खोटा ठरवते, कारण मिठाच्या अर्थाचा ‘खार’ पुल्लिंगी असल्याने त्याचे रूप ‘खाराचा’ असे झाले असते.

‘खार खाणे’ हा प्रयोग फारसीकडून, बहुधा उर्दू-हिंदीच्या मार्गाने आला आहे. फारसीत ‘ख़ार’ म्हणजे काटा. उर्दू काव्यात गुल आणि ख़ार, म्हणजे फूल आणि काटा, ही जोडी सतत भेटते, आणि ‘ख़ार खाना’ म्हणजे मनात सल धरून जळणे, द्वेष करणे. ‘तो माझ्यावर खार खाऊन आहे’ असे आपण म्हणतो तेव्हा तोच काटा आपण उचललेला असतो. अनेक जण या खाराचा संबंध खारट चवीशी जोडतात, कारण राग आणि तिखट-खारट यांची सांगड मनात सहज बसते. पण अर्थाची सगळी घडण फारसी शब्दाशी जुळते आणि हिंदी-उर्दूतील प्रयोग तर शब्दशः तोच आहे, त्यामुळे माझे मत फारसीच्या बाजूने आहे.

उरला तो तिसरा ‘खार’. आपल्या प्रश्नाचा गाभा त्यातच आहे. हा संस्कृत ‘क्षार’ या शब्दाचा वंशज. ‘क्ष’चे प्राकृतात कुठे ‘ख’ झाले, कुठे ‘छ’. मराठीने पुष्कळ वेळा ‘छ’ची वाट धरली आणि पुढे त्याचा ‘श’ किंवा ‘स’ केला, म्हणून हिंदीत जिथे ‘मक्खी’ आणि ‘ईख’ आहे तिथे आपल्याकडे ‘माशी’ आणि ‘ऊस’ आहे. ‘क्षेत्र’चे ‘शेत’ झाले तेही त्याच वाटेने. ‘क्षीर’पासून ‘खीर’ आणि ‘क्षार’पासून ‘खार’ मात्र ‘ख’च्या वाटेने आले, आणि घराघरांत रुळले.

संस्कृतातील ‘क्षार’ म्हणजे आपल्या स्वयंपाकातले मीठ नव्हे, त्यासाठी ‘लवण’ हा शब्द होता. क्षार हा प्रामुख्याने वनस्पती जाळून उरलेल्या राखेतून काढलेला दाहक पदार्थ. राख पाण्यात कालवायची, ते पाणी गाळायचे आणि आटवायचे, की तळाशी क्षार उरतो. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानातील अकरावा अध्याय क्षार तयार करण्याच्या कृतीलाच वाहिलेला आहे, आणि भगंदरावरील क्षारसूत्राची, म्हणजे क्षाराचे लेप दिलेल्या दोऱ्याची, चिकित्सा आयुर्वेदात आजही चालते. शाळेच्या रसायनशास्त्रात आम्ल, आम्लारी आणि क्षार अशी विभागणी शिकवतात आणि तिथे ‘क्षार’चा अर्थ आम्ल व आम्लारी यांच्या संयोगातून होणारे लवण असा ठरवून दिला आहे. जुन्या ग्रंथांतला क्षार या परिभाषेत आम्लारीकडे जातो. जुना मजकूर वाचताना हा फरक ध्यानात ठेवला नाही तर अर्थाचा अनर्थ होतो.

मराठी घराने मात्र जुना अर्थ जपून ठेवला आहे. पापडखार म्हणजे चवीचे मीठ नव्हे. उडदाचे पीठ लवचीक व्हावे आणि पापड तळताना फुलावा यासाठी घालायचा तो आम्लारीधर्मी पदार्थ आहे. जवखार म्हणजे यवक्षार, जवाची झाडे जाळून काढलेला. सज्जीखार म्हणजे धुण्याचा सोडा ज्या जातीचा त्या जातीचा क्षार. टाकणखार म्हणजे टंकणक्षार, सोनाराने डाग देताना वापरायचा. या सगळ्या शब्दांत खार म्हणजे राखेतून किंवा मातीतून काढलेले, चावणारे, खाणारे द्रव्य. आसामात तर केळीच्या वाळलेल्या सालींची राख पाण्यात भिजवून काढलेल्या पाण्याला ‘खार’ म्हणतात, त्याने शिजवलेल्या पदार्थाचे नावही ‘खार’च, आणि आसामी माणसे स्वतःला अभिमानाने ‘खारखोवा’, म्हणजे खार खाणारे, म्हणवून घेतात. आपल्या ‘खार खाणे’शी या शब्दाचे अक्षर न् अक्षर जुळते आणि अर्थाचा मात्र काडीचाही संबंध नाही. केवळ उच्चारावरून व्युत्पत्ती ठरवू नये, याचे याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

‘पदराला खार लावणे’, म्हणजे स्वतःच्या पैशाला तोशीस लावून घेणे, हा प्रयोगही मी याच दाहक खाराकडे नेतो. पैसे पदराच्या टोकाला गाठ मारून ठेवण्याची रीत होती, त्यामुळे ‘पदर’ म्हणजे स्वतःची पुंजी हे उघड आहे. आणि तीव्र खार कापड खातो, हे धुण्यासाठी राखेचे पाणी वापरणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होते. लोणच्याचा खार या अर्थाच्या जरा पुढच्या पायरीवर आहे. तिथे दाहकता गेली, मीठ आले, आणि फोडींना सुटलेल्या पाण्यात मीठ-मसाला मुरून होणाऱ्या रसाला ‘खार’ म्हणू लागले. ‘खारवणे’, ‘खारट’, ‘खारे शेंगदाणे’ आणि मुंबईच्या इराणी हॉटेलांत चहात बुडवून खातात ती खारी, हे सगळे याच टप्प्यावरचे शब्द. आपल्या भाषेची गंमत अशी की समुद्राला आपण खारा म्हणतो, पण त्यातून काढलेल्या वस्तूला ‘मीठ’ म्हणतो, जो शब्द मुळात गोड, रुचकर या अर्थाच्या ‘मिष्ट’ शब्दाच्या कुळातला आहे.

आता आपल्या खरेदीखताकडे येतो. चवीवरून हा शब्द जमिनीवर गेला. भरतीचे पाणी जिथे चढते आणि ओहोटीला उतरते त्या सखल दलदलीच्या जमिनीला कोकणात खाजण म्हणतात. तिथे खारफुटी वाढते. या जमिनीला समुद्राच्या किंवा खाडीच्या बाजूने मातीचा बांध घालून भरतीचे पाणी बाहेर अडवले, की आतली जमीन पावसाच्या पाण्याने हळूहळू धुऊन भातशेतीला लायक होते. अशी मिळवलेली जमीन म्हणजे खार, आणि तो बांध म्हणजे खारबांध. म्हणजे खरेदीखतातला ‘खार’ हा जमिनीचा प्रकार आहे, गावाचे किंवा वाडीचे नाव नव्हे, आणि ‘खारबांधाच्या आत’ याचा अर्थ भरतीपासून राखलेल्या बाजूची, लागवडीची जमीन असा होतो. हा शेवटचा शब्दप्रयोग हलका समजू नका. बांधाच्या आत आणि बांधाच्या बाहेर या दोन जमिनींच्या मोलात मोठे अंतर असते.

बांधाची रचना समजून घेण्यासारखी आहे. पावसाळ्यात आत साठणारे पाणी बाहेर गेले पाहिजे आणि खाडीचे पाणी आत येता कामा नये, म्हणून बांधात ठिकठिकाणी दरवाजे ठेवतात. त्यांना उघाडी म्हणतात. उघाडीची झडप वरून टांगलेली आणि खाडीच्या बाजूला असते. भरतीचे पाणी चढले की त्याच्याच दाबाने ती बंद होते, आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या रेट्याने उघडते. माणसाने तिथे उभे राहण्याची गरज नसते. उधाणाच्या दिवशी बांध फुटला की त्याला खांड पडली म्हणतात, आणि एकदा खारे पाणी शेतात शिरले की पुढचे काही पावसाळे जमीन धुण्यात जातात. जमिनीतला खार कधीच पूर्ण जात नाही. पावसात तो खाली धुतला जातो, आणि हिवाळ्या-उन्हाळ्यात मातीतला ओलावा वर चढून सुकतो तेव्हा त्याच्याबरोबर वर येऊन पृष्ठभागावर पांढरा थर धरतो. त्यामुळे इथे भात हे पावसाळी पीक, आणि त्यासाठी मोड आणलेले बी फेकून पेरण्याची ‘रहू’ नावाची पद्धत अनेक ठिकाणी वापरतात. खारेपणा सोसणारे काळा राता आणि भुरा राता हे लाल तांदळाचे जुने वाण याच जमिनीतले. पनवेल येथील खार जमीन संशोधन केंद्राने पुढे ‘पनवेल’ या नावानेच क्षारसहिष्णू भाताचे वाण काढले.

बांध राखायचा कोणी, हा या जमिनीचा खरा प्रश्न असतो, कारण एकट्याच्या शेतापुरता बांध राखून भागत नाही. जुन्या कुलाबा, म्हणजे आताच्या रायगड, जिल्ह्यात शिलोत्री नावाची पद्धत होती आणि तिच्यात बांधाच्या देखभालीची जबाबदारी ठरलेली असे. स्वातंत्र्यानंतर लगेचच, १९४८ साली, मुंबई प्रांतात खार जमिनींसाठी स्वतंत्र अधिनियम झाला, आणि १९७९ साली महाराष्ट्र खार जमीन विकास अधिनियम आला. आपल्या खरेदीखताचे साल १९४८च्या आधीचे असेल, तर त्यात बांधाच्या दुरुस्तीचा वाटा कोणाकडे, याचे कलम आहे का ते अवश्य पाहा. अलिबाग-पेण भागातील अशा गावांच्या पट्ट्याला आजही ‘खारेपाट’ म्हणतात. खोतीविरुद्धचा, १९३३ ते १९३९ असा दीर्घकाळ चाललेला चरी या गावचा शेतकरी संप याच पट्ट्यातला आहे. जिताडा नावाच्या माशासाठीही हा भाग नावाजलेला आहे. आपल्या घरातील वडीलधाऱ्या मंडळींकडे या आठवणी असतील, तर त्या लिहून ठेवाव्यात अशी माझी कळकळीची विनंती आहे, कारण उघाडी, खांड, रहू हे शब्द वापरणारी पिढी आता थकली आहे.

मुंबईच्या उपनगरातील खार हे नाव याच खाऱ्या जमिनीवरून आल्याचे मानले जाते, आणि तेथील भूगोल त्याला दुजोरा देतो. कोळ्यांचे दांडा हे गाव समुद्रालगत, म्हणून ‘खारदांडा’. ‘दांडा’ हे नाव किनारपट्टीवर इतरत्रही सापडते. ‘खार रोड’ हे स्थानक १९२४ साली वांद्रे आणि सांताक्रूझ यांच्या दरम्यान सुरू झाले. हाच शब्द आपल्या आजूबाजूला इतक्या ठिकाणी उभा आहे की त्याची नोंद घ्यायला हवी. कळव्याजवळचे खारीगाव, भिवंडीकडचे खारबाव, नवी मुंबईतील खारघर, उरणच्या रेल्वेमार्गावरील खारकोपर आणि पेणच्या वाटेवरील खारपाडा ही सगळी नावे खाडीच्या पाण्याजवळच्या जागांची आहेत. प्रत्येक नावाच्या उत्तरपदाचा स्वतंत्र विचार करावा लागेल, पण पूर्वपद मला निःसंशय एकच वाटते.

शोध घेताना दोन शब्द आपल्याला चकवतील. एक ‘खारी’ हे प्राचीन धान्यमाप, जे पाणिनीच्या सूत्रांतही आले आहे. सोळा द्रोणांची एक खारी होते, आणि भास्कराचार्यांच्या लीलावतीत एक हात लांब, एक हात रुंद आणि एक हात खोल अशा मापाला मागध खारी म्हटले आहे. जुन्या दानपत्रात किंवा हिशेबात ‘खारी’ दिसली तर ती हे माप असू शकते. दुसरा शब्द ‘खरीप’. तो खाऱ्या जमिनीवरून आलेला नसून अरबी ‘खरीफ’, म्हणजे शरद ऋतू, यावरून आला आहे.

खरेदीखतातील त्या ओळीच्या आधीची आणि नंतरची चतुःसीमेची वाक्ये आपण इथे टंकून दिलीत, तर कोणत्या बाजूला बांध आणि कोणत्या बाजूला खाडी होती हेही बहुधा सांगता येईल. नावे व गट क्रमांक मात्र वगळून द्यावेत.