‘माझी शिप कॅनन झाली’ म्हणजे नक्की काय झालं?

एका ताईंनी विचारलंय. त्यांची लेक अकरावीत आहे, परवा रात्री साडेअकराला हॉलमध्ये येऊन ओरडली, "आई, माझी शिप कॅनन झाली!" आणि पळत परत आत गेली. ताईंच्या डोळ्यापुढं आधी जहाज आलं, मग तोफ आली, जहाजावर तोफ असते हेही आठवलं, पण अर्थ काही लागेना. तर त्यांचं म्हणणं असं की ह्या दोन शब्दांचा अर्थ सांगा आणि मराठीत ह्याला काय म्हणायचं तेही सांगा.

आधी अर्थ सांगतो. मालिकेतली किंवा ऍनिमेतली (म्हणजे जपानी कार्टूनमधली) जी दोन पात्रं एकत्र यावीत असं तुमच्या लेकीला मनापासून वाटत होतं, ती कथेत खरोखर एकत्र आली. पण ताई, ह्या एका वाक्यात भाषेच्या इतक्या छान गोष्टी दडल्यात की एवढ्यावर थांबवत नाही.

शिपचा जहाजाशी मुळात काहीच संबंध नाही. १९९३ मध्ये अमेरिकेत ‘द एक्स-फाइल्स’ ही मालिका सुरू झाली, त्यात मल्डर आणि स्कली असे दोन एफबीआय एजंट, आणि तेव्हा इंटरनेटवर नुकतेच जमायला लागलेले प्रेक्षक लगेच दोन गटांत वाटले गेले, एकांना वाटायचं ह्या दोघांचं जमलंच पाहिजे, दुसऱ्यांना वाटायचं की प्रेमबिम आणून मालिकेची वाट लावू नका. पहिल्यांना म्हणायला लागले रिलेशनशिपर, ते टाइप करायला लांब म्हणून झालं आरशिपर, मग नुसतं शिपर, आणि शिपर जे करतो ते शिप, असं क्रियापद मागाहून तयार झालं. दुसऱ्या गटाचं नाव होतं नोरोमो, म्हणजे नो रोमान्स. तो शब्द आता फारसा कुणी वापरत नाही, शिप मात्र जगभर गेला.

आता गंमत बघा. रिलेशनशिप, फ्रेंडशिप, ओनरशिप ह्यातलं शिप हा नुसता प्रत्यय आहे, जुन्या इंग्रजीपासून चालत आलेला, नातं शेप ह्या शब्दाशी, जहाजवाल्या शिपचं मूळ वेगळंच. आपल्याकडं त्या जागी पणा किंवा त्व येतं. म्हणजे पोरांनी काय केलं, तर अख्खा शब्द टाकून दिला, शेपूट ठेवलं आणि त्या शेपटाचं क्रियापद केलं. मराठीत करायचं झालं तर ‘आपलेपणा’ मधला पणा तोडायचा आणि म्हणायचं ‘मी त्या दोघांना पणते’. ऐकायला कसंतरीच वाटतं ना? पण असला एक शब्द आपण रोज वापरतो आणि आपल्याला काहीच वाटत नाही. तो म्हणजे बस. मूळ लॅटिन शब्द ऑम्निबस, अर्थ ‘सर्वांसाठी’. ह्यात ऑम्नि म्हणजे सर्व, आणि बस हा निव्वळ चतुर्थीच्या अनेकवचनाचा प्रत्यय, आपला शाळेत पाठ केलेला स-ला-ना-ते मधला ‘ना’. म्हणजे १ जून १९४८ ला पुणे-नगर रस्त्यावर जी पहिली एसटी धावली ती खरंतर एक ‘ना’ धावली होती! तर शिप हा बसचाच धाकटा भाऊ आहे, आणि नवीन पोरं भाषा मोडतात म्हणून जे रागावतात त्यांनी एकदा बसमधून उतरून ह्याचा विचार करावा असं मला मनापासून वाटतं.

जहाजाचा संबंध मात्र नंतर आलाच. शब्द कानाला तोच, त्यामुळं चाहत्यांनी सगळा समुद्र आत ओढला, शिप चालायला लागली, बुडाली, शिपवरून युद्धं झाली. ह्यात एक बारकावा लक्षात ठेवण्यासारखा आहे. नेहमीच्या इंग्रजीत ‘ते जहाज निघून गेलं’ म्हणजे संधी हुकली, आता काही उपयोग नाही, पण चाहते ‘शिप निघाली’ म्हणतात तेव्हा अर्थ बरोबर उलटा, आता जमायला लागलंय. कारण साधं आहे, पहिल्या वाक्यात बोलणारा धक्क्यावर उभा आहे आणि दुसऱ्यात तो जहाजावर आहे.

मला ह्या मंडळींची भाषा आवडते ती ह्याच कारणासाठी. एरवी नवीन शब्द नामांपासून होतात, क्रियापदांपासून होतात, ह्यांनी व्याकरणातली उष्टीखरकटी गोळा करून शब्द केलेत. शिप हा प्रत्यय झाला. स्लॅश हे तर विरामचिन्ह आहे. ‘स्टार ट्रेक’ ही मालिका १९६६ ते १९६९ चालली, तिचे चाहते स्वतः गोष्टी लिहून, सायक्लोस्टाइल करून टपालानं एकमेकांना पाठवायचे, त्यात मालिकेतल्या कर्क आणि स्पॉक ह्या दोन पात्रांच्या नुसत्या दोस्तीची गोष्ट असेल तर दोन नावांमध्ये अँडची खूण आणि प्रेमाची असेल तर तिरकी रेघ, वाचणाऱ्याला आधीच कळावं म्हणून. अशी पहिली गोष्ट १९७४ साली छापली गेली. पुढं त्या तिरक्या रेघेवरून त्या अख्ख्या लेखनप्रकाराचंच नाव स्लॅश पडलं. जपानी चाहते तिथं गुणाकाराची फुली मारतात.

आणि ओटाकू हे तर सर्वनाम! जपानीत मूळ अर्थ ‘आपलं घर’, त्यावरून समोरच्याला आदरानं ‘आपण’ म्हणायचा एक शब्द. तिथली ऍनिमे आणि मांगा (म्हणजे जपानी चित्रकथा) ह्यांची वेडी पोरं आपापसातसुद्धा हा घरंदाज ‘आपण’ वापरायची, म्हणजे आपल्याकडं कॉलेजच्या कट्ट्यावर दोन मित्रांनी ‘आपण वडापाव घेणार का’ असं विचारावं तसं, ते कानाला खटकायचं, म्हणून १९८३ साली अकिओ नाकामोरी ह्या लेखकानं एका मासिकात त्या पोरांनाच ‘ओटाकू’ म्हटलं. तेव्हा ती चेष्टा होती, आता पोरं अभिमानानं सांगतात मी ओटाकू आहे.

स्टॅन, म्हणजे कट्टर चाहता, हे मुळात विशेषनाम. एमिनेम ह्या अमेरिकन रॅपरच्या २००० सालच्या गाण्यात एक वेडापिसा चाहता आहे त्याचं नाव. स्टॉकर आणि फॅन जोडून स्टॅन झाला असं बरेच जण सांगतात, पण ती मागून लावलेली व्युत्पत्ती. आपण कळीचा नारद म्हणतो, घरचा बिभीषण म्हणतो, तसंच हे, फक्त त्यांनी त्याचं क्रियापद पण केलं.

हे सगळं इंटरनेटमुळं सुरू झालं असंही नाही. अमेरिकेतल्या विज्ञानकथांच्या चाहत्यांनी १९४० मध्ये फॅनझीन, म्हणजे चाहत्यांनीच काढलेलं मासिक, हा शब्द केला, आणि १९४४ मध्ये तर जॅक स्पीअर ह्यांनी त्यांच्या बोलीचा कोशच काढला, फॅन्सायक्लोपीडिया नावाचा. मॅनचं मेन होतं तर फॅनचं फेन व्हायला पाहिजे असं ठरवून ही मंडळी अनेकवचन ‘फेन’ करायची.

आणि आपल्याकडं? संगीत नाटकाच्या प्रेक्षकांनी ‘वन्स मोअर’ ह्या इंग्रजी ओरडण्याचं काय केलं बघा. इंग्रजीत ते क्रियाविशेषण, ‘आणखी एकदा’ एवढाच अर्थ. मराठीत त्याचं पुल्लिंगी नाम झालं, वन्समोर. प्रेक्षक वन्समोर देतात, नट वन्समोर घेतो, पदाला तीन वन्समोर मिळतात. ‘वन्समोर घेणे’ हे इंग्रजीत कुठंही नाही, ते आपल्या पिटातल्या रसिकांनी घडवलंय, आणि घडवताना कुणाला विचारायला गेले नाहीत.

आता कॅनन. देवनागरीत तोफेचा इंग्रजी शब्द आणि हा शब्द सारखाच लिहिला जातो त्यामुळं ताईंचा गोंधळ झाला त्यात त्यांची चूक नाही. इंग्रजीत स्पेलिंग वेगळं, तोफेत एक एन जास्त. पण खोलात गेलं तर दोघांचंही मूळ वेळूपाशी जातं! ग्रीक ‘कान्ना’ म्हणजे वेळू, बोरू. वेळू पोकळ असतो म्हणून नळी, मोठी नळी म्हणजे तोफ. वेळू सरळ असतो म्हणून मोजपट्टी, मोजपट्टी म्हणजे नियम, आणि नियमात बसणारे ग्रंथ ते कॅनन. ख्रिस्ती धर्मात बायबलात कुठले ग्रंथ धरायचे, कुठले नाही, ह्या यादीला हा शब्द आहे. चाहत्यांकडं तो आला शेरलॉक होम्समुळं. १९११ साली ऑक्सफर्डला रोनाल्ड नॉक्स ह्यांनी एक निबंध वाचला, त्यात बायबलचे अभ्यासक जशी चिकित्सा करतात तशी होम्सच्या गोष्टींची केली होती, चिमटे काढायला, पण होम्सप्रेमींना ती रीत इतकी आवडली की कॉनन डॉयलच्या ५६ कथा आणि ४ कादंबऱ्या एवढंच कॅनन, बाकी कुणी काहीही लिहो, असं ठरून गेलं. तिथून अर्थ पसरला, मूळ कथेत जे खरोखर घडलंय ते कॅनन. मूळात नाही पण सगळे चाहते धरून चालतात ते फॅनन. आणि माझ्या एकट्याच्या डोक्यात पक्कं आहे ते हेडकॅनन.

हा विचार मराठी माणसाला अजिबात परका नाही. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे इसवी सन १५८४ ला, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली, कारण तीनशे वर्षांत लोकांनी आपापल्या ओव्या, आपापले पाठ त्यात घुसवले होते. आणि शेवटी त्यांनी बजावून ठेवलं की ह्यात जो आपली ओवी घालेल त्यानं अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे करवंटी, ठेवली असं समजा. कॅनन कशाला म्हणतात हे समजावून सांगायला मला ह्यापेक्षा चांगलं उदाहरण माहीत नाही. त्यामुळं कॅननला मराठीत मी ‘मूळ पाठ’ म्हणेन, फॅननला ‘क्षेपक’, म्हणजे मागून घुसवलेला मजकूर, चालेल, जुन्या पोथ्या बघणाऱ्यांचा तो रोजचा शब्द आहे, आणि हेडकॅननला ‘मनातला पाठ’.

शिपला मात्र मराठी शब्द शोधून मी दमलो. ‘जोडी जमवणे’ म्हणावं तर जमवणारा खरंच काहीतरी करतो, पत्रिका बघतो, निरोप पोचवतो. ‘नाव जोडणे’ ह्याला बदनामीचा वास आहे. कॉलेजात एखाद्याला एखादीवरून चिडवतात ते त्याला ऐकू जावं म्हणून चिडवतात, शिप करणारी मुलगी त्या पात्रांना काही सांगायला जात नाही, तिची इच्छा तिच्यापाशी असते. म्हणून क्रियापद ‘शिप करणे’ राहू द्यावं, नामाला ‘जोडी’ पुरेल असं माझं मत.

तसंही मराठीनं त्याला घरात घेतलंच आहे. माझी भाची आणि तिच्या मैत्रिणी बोलतात ते मी कान देऊन ऐकतो. ‘मी त्या दोघांना शिप करते’ ह्यातला ‘ना’ चोख लागतो, आणि लिंग? जहाज नपुंसकलिंगी, तर ‘माझं शिप’ व्हायला हवं होतं, त्या म्हणतात ‘माझी शिप’. मी विचारलं का गं, तर म्हणाली, "मामा, जोडी ना ती!" बस स्त्रीलिंगी झाली कारण मनात गाडी होती, तसंच हे. कोरियन बँडमधल्या लाडक्या गायकाला त्या बायस म्हणतात, तिथं मुलगा असेल तर माझा बायस, मुलगी असेल तर माझी बायस. कुणी शिकवलेलं नाही.

आणि ताई, रात्री साडेअकराला ओरडण्यासारखं त्यात काय होतं असं वाटत असेल तर एवढंच सांगतो, मल्डर आणि स्कलीचं पहिलं खरं चुंबन पडद्यावर आलं ते १९९९ च्या नोव्हेंबरात, म्हणजे शिपरांनी सहा वर्षं वाट पाहिली होती. तुमच्या लेकीनं किती पाहिली ते तिला विचारा, आणि कुठली जोडी तेही.